उचल फिटली की जाते : नवी मुंबईतील एका सुटकेचा प्रकरण अभ्यास

हे प्रकरण कामाचं आमिष दाखवून देहविक्रीत अडकवलेल्या एका मुलीचं, 2022 ते 2025 या काळातलं आहे. मुलीचं नाव, गाव आणि तिची ओळख पटू शकेल असे तपशील बदलले आहेत. मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणाऱ्या पोक्सो कायद्यानुसार ते बंधनकारक आहेच, पण कायदा नसता तरी बदललेच असते. इथे तिला सुमन म्हटलं आहे. मी ठाणे जिल्ह्यात समुपदेशक म्हणून काम करते आणि या प्रकरणात पहिल्या दिवसापासून होते. त्यामुळे पुढे ज्या चुका येतील, त्यातल्या काही माझ्या आहेत.

पार्श्वभूमी

सुमन बीड जिल्ह्यातली. आई-वडील ऊसतोडीला जाणारे. दसरा झाला की मुकादमाच्या, म्हणजे मजूर पुरवणाऱ्या ठेकेदाराच्या, ट्रकमधून कारखान्यावर जायचं आणि उन्हाळ्याच्या तोंडाला परतायचं. नवरा-बायको मिळून 'एक कोयता' धरतात आणि त्या कोयत्यावर हंगामाआधीच मुकादम उचल, म्हणजे आगाऊ रक्कम देतो. ती कामातून फेडायची. नाही फिटली, तर पुढचा हंगामही त्याच मुकादमाकडे.

आठवीनंतर सुमनची शाळा सुटली. आई-वडील फडावर, म्हणजे ऊसतोडीच्या शेतावर गेल्यावर वयात आलेली पोरगी घरी एकटी कशी ठेवायची, म्हणून चौदाव्या वर्षी तिचं लग्न लावून दिलं. त्या भागात हा प्रश्न घरोघरी असाच सोडवतात. लग्नाचा खर्च वडिलांच्या उचलीत मिळवला गेला. नवरा मारायचा. दीड वर्षात ती माहेरी परत आली, उचल मात्र तशीच राहिली.

2022 च्या दिवाळीत शेजारच्या गावातली एक बाई घरी आली. तिला सगळे मावशी म्हणायचे. ती नवी मुंबईत राहायची, अंगावर बरे कपडे, हातात मोठा मोबाईल. मॉलमध्ये हाउसकीपिंगचं काम आहे, महिना बारा हजार, राहायला खोली, असं तिने सांगितलं आणि सुमनच्या आईच्या हातात वीस हजार रुपये ठेवले. "पगारातून वळते करून घेईन," म्हणाली. आईला त्यात काहीच वावगं वाटलं नाही. तिच्या सगळ्या आयुष्यात काम असंच मिळालं होतं, आधी पैसे आणि मग कष्ट. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात सुमन रात्रीच्या ट्रॅव्हल्समध्ये बसली. आई-वडील चार दिवसांनी कोल्हापूरकडच्या फडावर गेले.

मॉल नव्हताच. घणसोली गावठाणातल्या एका इमारतीत तिसऱ्या मजल्यावर खोली होती. तिथून तिला ठाणे-बेलापूर रस्त्यालगतच्या लॉजवर पाठवलं जाऊ लागलं. मोबाईलवरून फोटो जायचे, सौदा तिकडेच ठरायचा.

अडचण कशी लक्षात आली

घणसोली स्टेशनबाहेर रिक्षा लावणाऱ्या एका माणसामुळे. तो स्वतः बीडकडचा. आमची एक कार्यकर्ती कोपरखैरणे-घणसोली पट्ट्यात फिरते, तिला तो ओळखत होता. जानेवारी 2023 मध्ये त्याने तिला थांबवलं आणि म्हणाला, "ताई, पोरगी आमच्याकडची हाय. बोलण्यावरून कळतंय. वय पंधरा-सोळाच्या पुढं नसंल."

त्याने सुमनला तीन-चार वेळा लॉजवर सोडलं होतं. एकदा तिने विचारलं, "काका, कल्याणवरून बीडची गाडी किती वाजता असते?" त्याने सांगितलं, "आत्ता बस, मी सोडतो कल्याणला, पैसे नको देऊ." यावर ती म्हणाली, "उचल फिटली की जाते."

त्या रात्री मी हे वाक्य डायरीत लिहून ठेवलं होतं. त्याचा पुरा अर्थ मात्र मला पुढे दहा महिन्यांनी लागला.

समोर कोणते मार्ग होते

पहिला मार्ग 112 वर फोन करून लगेच गाडी पाठवायचा. तो सर्वात जलद होता, पण लॉज रिकामा सापडला असता तर सुमनला त्याच रात्री दुसरीकडे हलवलं असतं. दुसरा मार्ग कार्यकर्तीने आधी तिच्याशी बोलून विश्वास मिळवण्याचा. सज्ञान बाईच्या बाबतीत मी तोच निवडला असता, कारण कोणाची सुटका करायची हे तिला न विचारता ठरवण्याचा अधिकार आम्हाला नाही. पण मूल अठराच्या आतलं असल्याची शंका आली की पोक्सोच्या कलम 19 नुसार कळवणं भागच असतं. तिथे वाट पाहायला जागा नाही. तिसरा मार्ग पोलीस आयुक्तालयाच्या अनैतिक मानवी वाहतूक प्रतिबंधक कक्षाचा. आम्ही त्याच संध्याकाळी तिथे लेखी कळवलं.

कक्षाने बनावट ग्राहक पाठवून खात्री करायचं ठरवलं. त्यात चार दिवस गेले. ते चार दिवस सुमन त्याच खोलीत होती. तपासाच्या दृष्टीने ते आवश्यक होते हे मला पटतं, आणि तरीही त्या दिवसांचा हिशेब मला कोणी विचारला तर माझ्याकडे उत्तर नाही.

इथेच दुसरा प्रश्न आला, धाड लॉजवर घालायची की खोलीवर? लॉजवर पुरावा हातोहात मिळतो. नोटांचे नंबर आधी लिहून ठेवलेले असतात, पंच हजर असतात. खोलीबद्दल फक्त रिक्षावाल्याचा अंदाज होता. लॉज ठरला. ती निवड महागात पडली.

धाड आणि वयाचा प्रश्न

लॉजवर तिघी सापडल्या. दोघी तिशीच्या पुढच्या. त्यातल्या एकीने आपण स्वतःच्या मर्जीने येत असल्याचं सांगितलं. सर्वोच्च न्यायालयाच्या मे 2022 च्या आदेशाप्रमाणे अशा सज्ञान बाईला आरोपीसारखं वागवता येत नाही, आणि त्या रात्री पोलिसांनी तसं वागवलंही नाही, हे नोंदवायला हवं.

तिसरी सुमन. विचारल्याबरोबर तिने पाठ केल्यासारखं सांगितलं, "वय एकवीस." पर्समध्ये आधार कार्डाची रंगीत झेरॉक्स, तिच्यावर जन्मसाल 2001. अधिकाऱ्यांचं म्हणणं होतं की सरकारी कागद आहे, मुलगी स्वतः सांगते आहे, सज्ञान म्हणून नोंद करू.

हा या प्रकरणातला सर्वात मोठा वळणाचा क्षण. एका आकड्यावर सगळं बदलणार होतं. सज्ञान ठरली असती, तर 'पीटा', म्हणजे अनैतिक व्यापार प्रतिबंधक कायद्याखाली दंडाधिकाऱ्यांपुढे उभी राहिली असती आणि तिची संमती होती की नव्हती यावर वर्षभर खल झाला असता. अठराच्या आतली ठरली, तर संमतीचा प्रश्नच उरत नाही. मानवी वाहतुकीविरुद्धचा संयुक्त राष्ट्रांचा 2000 सालचा करार, म्हणजे पालेर्मो प्रोटोकॉल, हेच सांगतो. प्रौढाच्या बाबतीत फसवणूक, बळजबरी किंवा अगतिकतेचा गैरफायदा यांपैकी काही तरी दाखवावं लागतं, मुलाच्या बाबतीत ते दाखवावं लागत नाही. भारताने तो करार 2011 मध्ये मान्य केला आणि 2013 मध्ये भारतीय दंड संहितेचं कलम 370 त्या धर्तीवर बदललं.

माझ्या सहकाऱ्याने झेरॉक्सवरचा क्यूआर कोड मोबाईलवर स्कॅन केला. त्यात जन्मसाल 2005 आलं. छापील आकडा कोणीतरी बदलला होता, कोड बदलायचा राहून गेला होता.

पण क्यूआरने वय सिद्ध होत नाही. बाल न्याय कायद्याचं कलम 94 क्रम ठरवून देतं. आधी शाळेचा दाखला, तो नसेल तर नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि हे दोन्ही नसतील तरच हाडांची तपासणी. (आधार हा जन्मतारखेचा पुरावा नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2024 मध्ये स्पष्ट केलं. तेव्हा ते हाताशी नव्हतं.) रात्री साडेनऊला तिच्या जिल्हा परिषद शाळेच्या मुख्याध्यापकांचा नंबर मिळाला. त्यांनी काही न विचारता शाळा उघडली. गावात वीज नव्हती. टॉर्चच्या उजेडात जनरल रजिस्टरच्या पानाचा फोटो काढून त्यांनी पाठवला. पानाच्या कडेला त्यांचा अंगठा दिसत होता आणि निळ्या शाईत लिहिलेली तारीख, सप्टेंबर 2005. मुलगी सतरा वर्षं चार महिन्यांची होती.

दुसऱ्या दिवशी, चोवीस तासांच्या आत, तिला बालकल्याण समितीपुढे नेलं आणि तिथून मुलींच्या बालगृहात. दाखल्याची सही-शिक्क्याची प्रत तिसऱ्या दिवशी आली.

त्या गडबडीत खोलीवर पोलीस पोचले ते दुसऱ्या दिवशी दुपारी. खोली धुऊन पुसून रिकामी होती.

आत्या

सहाव्या दिवशी बालकल्याण समितीपुढे एक बाई वकिलासह हजर झाली. आपण सुमनची सख्खी आत्या, आई-वडील फडावर असल्याने ताबा आपल्याला द्यावा, असा अर्ज. सोबत प्रतिज्ञापत्र, गावातल्या कोणाचं तरी पत्र. कागद बघितले तर सगळे जागच्या जागी होते.

वकील तेच होते, जे लॉजच्या मॅनेजरसाठी न्यायालयात उभे राहिले होते. मुंबई उच्च न्यायालयाने 2002 मध्येच सांगून ठेवलं आहे की आरोपींचा वकील सुटका झालेल्या अल्पवयीन मुलीच्या वतीने उभा राहू शकत नाही. समितीने ते दाखवून दिलं. पण मला जास्त लक्षात राहिला तो एका सदस्य बाईंचा प्रश्न. त्यांनी कागद बाजूला ठेवले आणि सहज विचारावं तसं विचारलं, "भावजयीचं माहेर कुठलं हो तुमच्या?"

आत्याला सांगता आलं नाही. सख्ख्या भावाची बायको कोणत्या गावची, हे न सांगू शकणारी नणंद मी तरी पाहिलेली नाही.

आई

खरी आई अकराव्या दिवशी आली. मुकादमाने तिला दोन दिवसांची सुट्टी दिली होती आणि त्या दिवसांचे पैसे कापणार होता. हातांवर उसाच्या पाचटाने ओढलेले बारीक चरे, काही सुकलेले, काही ताजे. बालगृहाच्या ऑफिसमध्ये ती खुर्चीवर न बसता भिंतीला टेकून खाली बसली. सुमन कशी आहे हे विचारण्याआधी तिने विचारलं, "बाई, ते वीस हजार वापस द्यावे लागतील का?"

त्या खोलीतल्या दोघांनी तो प्रश्न ऐकून तोंड फिरवलं. पोरगी विकली आणि आता पैशाची काळजी, असा अर्थ त्यांनी काढला. पोलीसही तिला आरोपी करण्याच्या विचारात होते. मी विरोध केला. ती कामाला पाठवते आहे असं समजूनच तिने पैसे घेतले होते, आणि तिला आरोपी केलं असतं तर मावशीविरुद्धचा सर्वात भक्कम साक्षीदार आपणच गमावला असता. आई साक्षीदार झाली. तो निर्णय योग्य होता असं मी आजही म्हणते.

पण तिच्या प्रश्नाचं उत्तर मी दिलं नाही. "तुम्ही आता त्याची काळजी करू नका," एवढंच म्हणाले. ही माझी चूक.

वही

तिसऱ्या आठवड्यात सुमन पहिल्यांदा मोकळेपणाने बोलली. मी विचारलं, दार बंद असायचं का? नाही. मोबाईल होता? होता. मग?

मग तिने वहीबद्दल सांगितलं. फ्रिजवर ठेवलेली शंभर पानी वही, जशी शाळेत असते तशी. मावशी रोज रात्री त्यात लिहायची. आईला दिलेले वीस हजार पहिल्या ओळीत. खाली खोलीभाडं, जेवण, ट्रॅव्हल्सचं तिकीट, मोबाईलचा हप्ता, पार्लर, दवाखाना. आजारी पडून एक दिवस घरी राहिली तर तोही लिहिलेला, 'खाडा'. अडीच महिने झाल्यावर वहीत तिच्या नावावर 46,500 रुपये निघत होते. आली तेव्हा वीस होते. आकडे सांगताना ती एकदाही अडखळली नाही.

"मी पळून गेले असते तर बापाकडं मागितले असते," ती म्हणाली. "बापाची आधीच मुकादमाकडं उचल."

मावशीने कोणता नवा सापळा लावला नव्हता. सुमनच्या घरात दोन पिढ्या जो शब्द मुकाट्याने मानत आल्या, तोच तिने वापरला. म्हणून कुलपाची गरज पडली नाही.

जगाच्या आकड्यांकडे मी त्यानंतर वेगळ्या नजरेने पाहू लागले. आंतरराष्ट्रीय श्रम संघटना आणि तिच्या सहकारी संस्थांनी 2022 मध्ये दिलेल्या अंदाजानुसार, 2021 साली जगात 2 कोटी 76 लाख लोक सक्तीच्या श्रमात होते. त्यातले 63 लाख लैंगिक शोषणाच्या धंद्यात, आणि या 63 लाखांपैकी 49 लाख स्त्रिया आणि मुली. त्याच संघटनेचा 2024 चा अहवाल पैशाबद्दल आहे. सक्तीच्या श्रमातून वर्षाला 236 अब्ज डॉलर इतका बेकायदा नफा होतो. खाजगी लोकांनी राबवलेल्या माणसांत लैंगिक शोषणात अडकलेले सुमारे 27 टक्के, पण एकूण नफ्यातला 73 टक्के वाटा त्यांच्यातून येतो. देश बदलतो, भाषा बदलते, पण तोटा कायम मुलीच्या नावावर आणि नफा दुसऱ्याच्या खिशात, हा हिशेब सगळीकडे सारखाच ठेवतात. घणसोलीतल्या त्या वहीतही तो तसाच होता.

वही कधीच मिळाली नाही. धाड आधी खोलीवर किंवा दोन्हीकडे एकाच वेळी घातली असती, तर ती पंचनाम्यात आली असती.

काय केलं, आणि काय राहून गेलं

गुन्हा भारतीय दंड संहिता, पोक्सो आणि पीटा या तिन्हींखाली नोंदला गेला. दंडाधिकाऱ्यांपुढे जबाब झाला. अत्याचारग्रस्तांना आर्थिक मदत देणाऱ्या मनोधैर्य योजनेचा अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे गेला, अंतरिम रक्कम यथावकाश आली. बालगृहात सुमन शिवणकाम शिकली. तिला ते आवडलं नाही. तसं तिने सांगितलंही होतं, पण तिथे दुसरं काही शिकवत नव्हते.

सप्टेंबर 2023 मध्ये ती अठराची झाली. बालगृहातून बाहेर पडणाऱ्यांसाठीच्या अनुरक्षण गृहात एकविसाव्या वर्षापर्यंत राहता येतं, ते तिला समजावलं. तिला घरी जायचं होतं. गृहचौकशीचा अहवाल चांगला होता, आई-वडील तयार होते, ती सज्ञान होती. तिला थांबवण्याचा हक्क कोणालाच नव्हता. ती गेली.

नोव्हेंबरच्या शेवटी पहाटे पाच वाजता तिचा फोन आला. "ताई, मी कळंबोलीला उतरलेय."

मावशीचा भाऊ दिवाळीत घरी आला होता. 46,500 मागत होता. मावशी तुरुंगात गेली ती तुमच्यामुळे, वकिलाचा खर्चही तुमच्याच नावावर, म्हणाला. मुकादमानेही यंदाची उचल कमी दिली, कारण मागच्या हंगामात आईचे खाडे झाले होते. सुमन पैसे फेडायला निघाली होती. कळंबोलीच्या नाक्यावर ती अर्धा तास उभी राहिली. मोबाईलमध्ये दोन नंबर होते, एक मावशीच्या भावाने दिलेला आणि एक माझा.

मी तिला घ्यायला गेले. रिक्षात तिने विचारलं, "ती उचल खरी असते का?" आईने अकराव्या दिवशी जे विचारलं होतं, तेच.

या वेळी मी उत्तर दिलं. वेठबिगार पद्धती निर्मूलन कायदा 1976 चा आहे. अशा बांधून ठेवणाऱ्या कामाच्या बदल्यातलं कर्ज त्या कायद्याने संपलेलं असतं. त्यापोटी पैसे घेणं हाच गुन्हा आहे. प्रशासनाकडून मुक्ती प्रमाणपत्र मिळतं, आणि 2016 च्या केंद्रीय योजनेत लैंगिक शोषण किंवा मानवी वाहतुकीच्या गंभीर प्रकरणांत तीन लाखांपर्यंत मदतीची तरतूद आहे. हे मला माहीत होतं. वीटभट्टीच्या प्रकरणांत आम्ही ते वापरत होतो. सुमनच्या प्रकरणात दहा महिने सुचलं नाही, कारण फाइलवर 'पीटा' लिहिलं होतं आणि आमच्या डोक्यात वेठबिगारी म्हणजे वीटभट्टी असं पक्कं बसलं होतं.

डिसेंबर 2023 मध्ये अर्ज केला. पहिल्या कार्यालयाने हे वेठबिगारीचं प्रकरण नाही म्हणून परत केला, दुसऱ्याने बीडला जा म्हणून सांगितलं. काम जिथे करून घेतलं तिथलं प्रशासन जबाबदार, हे तीन पत्रांनंतर मान्य झालं. जुलै 2024 मध्ये मुक्ती प्रमाणपत्र आणि तातडीच्या मदतीचे तीस हजार मिळाले. उरलेली मदत आरोपीच्या शिक्षेवर अवलंबून आहे. प्रमाणपत्राची प्रत गावच्या पोलीस ठाण्यात दिली आणि मावशीच्या भावाविरुद्ध तक्रार नोंदवली. तो परत आलेला नाही.

आज सुटकेनंतर पहिल्या भेटीत आम्ही एक प्रश्न विचारतो, "कोणाचं काही देणं आहे, असं तुला सांगितलंय का?" उत्तर जसंच्या तसं, आकड्यासह, पहिल्याच जबाबात लिहून घ्यायचा आग्रह धरतो आणि मुक्ती प्रमाणपत्राचा अर्ज त्याच महिन्यात करतो. धाडीच्या आधीच्या बैठकीत राहत्या खोलीचा पत्ता मिळाल्याशिवाय तारीख ठरवू नका, असं सांगतो. ते दर वेळी ऐकलं जात नाही. आणि घरी पाठवताना फक्त घर कसं आहे हे न पाहता घरावर किती उचल आहे आणि ती कोणाची, हेही गृहचौकशीत विचारायला लावतो.

निष्पत्ती

पोक्सोनुसार मुलाची साक्ष तीस दिवसांत आणि खटला शक्यतो वर्षात संपायला हवा. सुमनची साक्ष ऑगस्ट 2024 मध्ये झाली, सुटकेनंतर एकोणीस महिन्यांनी. आरोपी दिसू नये म्हणून मध्ये पडदा होता. उलटतपासणीत तिला विचारलं गेलं की दार उघडं होतं तर तू गेली का नाहीस. तिने वहीतली रक्कम ओळीने सांगितली, भाड्यापासून खाड्यापर्यंत. तीच तिची वही झाली. मावशी अजून कोठडीत आहे, मॅनेजर जामिनावर, लॉजचा मालक आरोपपत्रात नाही. निकाल यायचा आहे.

सुमन महापे एमआयडीसीत पॅकिंगच्या कामाला आहे, नोकरदार महिलांच्या वसतिगृहात राहते. सुरुवातीला पगारातून पैसे कापले गेले की ती घाबरून फोन करायची. ते पीएफचे असायचे.

2025 च्या दसऱ्याआधी ती चार दिवस गावी गेली. धाकटी बहीण तेरा वर्षांची झाली आहे, आणि आई-वडील या वर्षीही उचल घेऊन फडावर जाणार होते. ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठी राज्य सरकारची संत भगवानबाबा वसतिगृहं आहेत. तिथला फॉर्म सुमनने स्वतः भरला, मुख्याध्यापकांकडून बहिणीचा दाखला घेतला, तेच मुख्याध्यापक. ट्रक यायच्या आदल्या दिवशी बहिणीला वसतिगृहात सोडून ती रात्रीच्या गाडीने घणसोलीला परतली.